पिंजऱ्याखालचा कागद

इंदूरच्या राजेंद्र नगर भागातून एका वाचक ताईंचं पत्र आलं आहे. त्यांच्या बारा वर्षांच्या मुलाला मामाने वाढदिवसाला एक छोटा हिरवा-पिवळा पक्षी आणून दिला. दुकानदार त्याला लव्हबर्ड म्हणाला, शेजारी ऑस्ट्रेलियन पोपट म्हणतात, घरात तो मिठू झाला. पिंजरा बाहेरच्या खोलीत देवघराला लागून ठेवला आहे आणि संध्याकाळी तासभर मिठू घरात मोकळा असतो. मुलगा त्याला आपल्या ताटातलं सगळं भरवतो. रविवारचे पोहे-शेव, कलिंगड, बीट, काही वर्ज्य नाही. पण मिठू सारखा शिटतो. सोफ्यावर, पडद्याच्या दांडीवर, मुलाच्या गणिताच्या वहीवरसुद्धा. ताईंच्या यजमानांनी मोबाइलवर पोपटाला एका जागी शी करायला शिकवणारा व्हिडिओ पाहिला आणि मुलाला कामाला लावलं. आता मिठू भलतीकडे शिटला की मुलगा त्याच्यावर ओरडतो आणि पिंजऱ्यात कोंडतो. सासूबाईंना दमा आहे, देवाजवळची घाण त्यांना सोसत नाही. त्या म्हणतात, सोडून द्या झाडावर, पुण्य लागेल. त्यातच गेल्या रविवारी शी पाण्यासारखी झाली आणि सोमवारी लालसर दिसली. दुकानदाराने एक पिवळी पूड दिली, पाण्यात घाला म्हणाला. ताईंनी ती अजून दिलेली नाही. त्या लिहितात, "आपल्या इंदूरचा स्वच्छतेत पहिला नंबर, आणि माझ्याच घरात हे! तो आजारी आहे का? त्याला सवय लागेल का? सासूबाईंना धोका आहे का? की देऊनच टाकू कुणाला?"

ताई,

ती पिवळी पूड तुम्ही अजून पाण्यात घातली नाहीत, हे फार चांगलं केलंत. घालूही नका. अशा पुड्यांमध्ये बहुतेक वेळा अँटिबायोटिक असतं. मिठूचं वजन असेल 30 ते 40 ग्रॅम. एवढ्याशा जिवाच्या पोटात पाण्यातून किती औषध गेलं ते कुणालाच सांगता येत नाही. पाण्याची चव बदलली की हे पक्षी पाणीच कमी पितात, आणि ऐन उन्हाळ्यात ते बाधतं. शिवाय पोटातले उपयोगाचे जंतू मारले गेले की नसलेले जुलाब खरोखर सुरू होतात. पुडी टाकू नका, कागदात गुंडाळून बाजूला ठेवा. डॉक्टरकडे जायची वेळ आली तर दाखवायला बरी.

आधी तुमचा मिठू कोण आहे ते पाहू. हिरवा-पिवळा, चिमणीपेक्षा थोडा मोठा, पाठीवर काळ्या रेघा, बाजरी-राळे सोलून खाणारा. हा बजरीगर. मूळचा ऑस्ट्रेलियातला, पण आपल्याकडे दुकानात मिळणारे सगळे पिढ्यान्‌पिढ्या पिंजऱ्यातच जन्मलेले. हे सांगायचं कारण असं की पत्र वाचणाऱ्यांपैकी कुणाच्या घरी गळ्यात काळी-गुलाबी कंठी असलेला आपला देशी पोपट असेल, तर त्यांच्यासाठी प्रश्नच वेगळा आहे. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने देशी पोपट पकडणं, विकणं, घरात ठेवणं गुन्हा आहे. तसा पक्षी वनविभागाच्या हवाली करावा. बजरीगर पाळायला मात्र हरकत नाही.

आता मूळ प्रश्न. तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. शी हा शब्द त्यात जिथे जिथे आला, तिथे तो तक्रार म्हणूनच आला. खोड, घाण, लाज, धोका. मिठू मुद्दाम करतो, किंवा निदान त्याला कळत नाही म्हणून करतो, असं घरात सगळ्यांनी गृहीत धरलंय. तिथेच मला थोडं थांबवावंसं वाटतं.

बजरीगर दिवसभरात साधारण 30 ते 50 वेळा शिटतो. जागा असताना दर वीस-पंचवीस मिनिटांनी, कधी त्याहूनही लवकर. हे बिघडल्याचं लक्षण नाही, त्याचं शरीरच तसं आहे. उडणाऱ्या प्राण्याला अंगावर ओझं परवडत नाही. त्याला आपल्यासारखी लघवी साठवायची पिशवी नसते. आतडं आखूड, खाल्लेलं काही तासांत बाहेर. मूत्रपिंडं शरीरातला नको असलेला नायट्रोजन युरिक आम्लाच्या रूपात, घट्ट पांढऱ्या लगद्यासारखा बाहेर टाकतात, म्हणजे पाणीही वाचतं. आणि हे सगळं, शौच, लघवी, मादी असेल तर अंडंसुद्धा, शेपटीखालच्या एकाच छिद्रातून येतं. तेव्हा मिठूने तासाभराच्या मोकळीकीत तीनदा सोफा घाण केला, तर तो तब्येतीने ठणठणीत आहे असंच मी आधी समजेन. दिवसभर कोरडा राहिला असता तर मात्र मी तुम्हाला हे उत्तर लिहीत बसले नसते, आधी डॉक्टरकडे धाडलं असतं.

आजारी पक्षी दुखणं लपवतो. थव्यात जो मलूल दिसतो त्याच्यावर शिकारी पक्ष्याची नजर पहिली जाते, म्हणून अगदी हात टेकेपर्यंत तो धीटपणे दांडीवर बसून राहतो. पिसं फुगवून तळाशी बसलेला दिसतो, तोवर बराच उशीर झालेला असतो. त्याआधी बोलते ती फक्त त्याची शी. तुमच्या घरात रोज 40 वेळा मिठूच्या पोटाचा रिपोर्ट पडतोय आणि तुम्ही तो न वाचता पुसून टाकताय, असं मला पत्र वाचताना सारखं वाटत होतं.

वाचायला लागतो फक्त कागद. पिंजऱ्याच्या तळाला वर्तमानपत्र घालत असाल तर त्याऐवजी मुलाच्या जुन्या वह्यांतले कोरे कागद, किंवा कुठलाही साधा पांढरा कागद घाला. रंगीत छपाईवर शीचा रंग कळत नाही. लाकडाचा भुसा किंवा वाळू नकोच, त्यात सगळं लपतं आणि धूळही होते. कागदाच्या वर पिंजऱ्याची जाळी राहू द्या, म्हणजे मिठू शीत पाय घालणार नाही. कागद रोज सकाळी, ठरलेल्या वेळी बदला. कालच्या कागदावर सवयीने एक नजर टाका, साधारण किती ठिपके आहेत, कसे आहेत. आठवड्याभरात तुम्हाला तुमच्या मिठूचं नेहमीचं चित्र पाठ होईल. इतरांच्या पक्ष्यांशी त्याची तुलना करून काही उपयोग नसतो. त्याचं कालचं आणि आजचं, एवढंच ताडून बघायचं.

सकाळी अकराच्या सुमारास, तो खाऊन-पिऊन चिवचिवत असताना पडलेली एक ताजी शी जवळून बघा. नाक मुरडू नका, तिला जवळजवळ वास नसतो. वाटाण्याहून लहान ठिपका. त्यात तीन गोष्टी वेगवेगळ्या दिसतील. एक, हिरवट किंवा तपकिरी, गुंडाळी झालेली बारीक वळी. हे शौच. दोन, त्या वळीवर किंवा तिच्या कुशीत पांढरा, सायीच्या रंगाचा लगदा, जो वाळला की भुकटी होतो. हे मघाशी सांगितलेलं युरिक आम्ल. तीन, या दोघांभोवती कागदाने शोषलेली बिनरंगी पाण्याची कड. ही लघवी. सोफ्यावरचा जो डाग तुम्ही आजवर एकच म्हणून पुसत आलात, त्यात हे तीन वेगवेगळे निरोप असतात. कुठला बदलला त्यावर सगळं ठरतं.

आता रविवारकडे येऊ. पाण्यासारखी शी झाली म्हणजे जुलाब झाले, असं तुम्ही धरून चाललात. पण आठवून बघा, मधली हिरवी वळी तिच्या आकारात होती का? वळी जशीच्या तशी आणि भोवती पाण्याचं मोठं तळं, असं असेल तर ते जुलाब नव्हेत, लघवी जास्त झाली एवढंच. त्याची कारणं बहुतेक वेळा साधी असतात. कलिंगड खाल्लं, काकडी खाल्ली, अंघोळ केली, उकाड्याने पाणी जास्त प्यायला, घरात पाहुणे आले आणि घाबरला. आणि तुमच्या घरी रविवार म्हणजे पोहे, वर शेव, वर जिरावनचा खारट मसाला. मिठाने माणसाला तहान लागते, तशी त्यालाही लागते, फक्त आपला एक घास त्याच्या अंगाने किती मोठा होतो याचा विचार आपण करत नाही. इंदूरच्या पोह्यांवर माझं प्रेम कुणापेक्षा कमी नाही, पण मिठूला त्यातला एकही दाणा नको. शेव, फरसाण, बिस्किट, चहात बुडवलेली पोळी, काही नको. चॉकलेट आणि अॅव्होकाडो तर विषारीच आहेत. त्याला जिभेचं कौतुकच करायचं असेल तर कोथिंबिरीची काडी धुऊन दांडीला अडकवा, दोन पानं मेथीची, किसलेलं गाजर. कलिंगडाचा तुकडा नखाएवढा, तोही कधीतरी.

जुलाब असतात तेव्हा ती वळीच राहत नाही. हिरवं, पांढरं, पाणी सगळं एकत्र होऊन लपका पडतो, शेपटीखालची पिसं चिकटतात. असं एखाददुसऱ्या वेळी झालं तर पानं-फळं बंद करून फक्त नेहमीचं धान्य आणि स्वच्छ पाणी ठेवा आणि बघा. दिवसभर तसंच राहिलं, किंवा तो सुस्त दिसला, तर मग घरी बसून राहायचं नाही.

सोमवारचा लाल रंग बिटाचा असण्याची शक्यता खूप आहे. बीट खाल्ल्यावर वळी, पाणी, कधी पांढरा भागही, सगळंच एकसारखं गुलाबी-लाल होतं आणि बीट थांबवलं की दिवसाभरात जातं. डाळिंबाचं, जांभळाचं तेच. रक्त तसं पसरत नाही. ते वळीच्या कडेला लाल रेघेसारखं किंवा गाठीसारखं वेगळं दिसतं, आणि आतड्याच्या वरच्या भागातून आलेलं असेल तर लाल न दिसता काळं, डांबरट दिसतं. म्हणून या आठवड्यात बीट पूर्ण बंद. त्यानंतरही लाल दिसलं तर त्याच दिवशी डॉक्टर.

पालक-मेथी खाल्ली की वळी गडद हिरवी होणार, नुसत्या धान्यावर फिकट, रंगीत दाणेदार खाद्य दिलं तर त्या रंगाची. यात घाबरण्यासारखं काही नाही. नजर ठेवायची ती पांढऱ्या भागावर. रंगीत काही खाल्लेलं नसताना तो पिवळा किंवा हिरवा पडायला लागला, तर यकृताचा त्रास किंवा संसर्ग असू शकतो. खाणं कमी झालं की वळ्या बारीक, मोजक्या आणि काळपट हिरव्या होतात. वाटीवर नुसती टरफलं साठलेली असतात, आपल्याला वाटतं वाटी भरलेली आहे, आणि पक्षी उपाशी असतो. ही चूक इतक्या घरांत होते की वेगळी सांगते. रोज वाटीवर हळू फुंकर मारा, टरफलं उडवा, खाली दाणे किती उरलेत बघा. आणि फुंकर बाहेर, गॅलरीत जाऊन मारा.

शीत अख्खे, न पचलेले दाणे दिसायला लागले, तर त्याकडेही दुर्लक्ष नको. बजरीगरांमध्ये पोटातल्या एका बुरशीमुळे असं होतं. पक्षी दिवसभर खाताना दिसतो आणि तरी वाळत जातो. अशा वेळी स्वयंपाकघरातला डिजिटल काटा फार उपयोगी पडतो. आठवड्यातून एकदा, सकाळी पहिली शी झाल्यावर, एका लहान डब्यात बसवून वजन घ्या आणि लिहून ठेवा. 35 ग्रॅमच्या पक्ष्याचं वजन साडेतीन-चार ग्रॅमने उतरलं, तर तो दिसायला कितीही ठीक असो, दाखवायला हवा.

सकाळच्या पहिल्या शीला घाबरू नका. रात्रभर तो झोपलेला असतो, त्यामुळे पहाटेचा ढीग मोठा असतो. आणखी एक गोष्ट तुम्ही पत्रात लिहिलेली नाही, ती बघून घ्या. चोचीच्या वर, नाकपुड्यांभोवती जो मांसल ठिगळासारखा भाग असतो, त्याचा रंग. वयात आलेल्या नराचा तो बहुधा निळा असतो, मादीचा तपकिरी. मिठू जर मादी निघाली, तर अंड्यावर येताना ती बराच वेळ शी रोखून धरते आणि मग एकदम मोठी, उग्र वासाची करते. ते चालतं. पण ती कुंथतेय, शेपटी वर-खाली होतेय आणि बाहेर काहीच येत नाही, तर अंडं अडकलेलं असू शकतं. त्यात तासांचा हिशेब असतो, दुसऱ्या दिवसाची वाट बघायची नसते.

डॉक्टरकडे त्याच दिवशी न्यायची वेळ कुठली, ते एकदा सरळ सांगते, कारण असे प्रश्न मला खूप जणांकडून येतात. कित्येक तास शी झालीच नाही. रक्त किंवा डांबरासारखी काळी शी. पांढरा भाग दिवसभर पिवळा-हिरवा. कुंथणं. खाणं थांबणं, उलटी होऊन डोक्यावरची पिसं चिकट होणं, पिसं फुगवून तळाशी बसणं. यातलं एक असलं तरी पुरे. कुत्र्या-मांजरांचे डॉक्टर सगळेच पक्षी तपासत नाहीत, म्हणून आज, मिठू बरा असतानाच, जवळच्या दोन-तीन ठिकाणी फोन करून पक्षी कोण बघतं ते विचारून ठेवा. महूचं पशुवैद्यकीय महाविद्यालय तुम्हाला फार लांब नाही, तिथेही चौकशी करा. जाताना पिंजरा धुऊन-पुसून नेऊ नका. आपल्याकडे पाहुण्यांकडे जायचं तसं आवरून न्यायची सवय असते, पण इथे कालचा कागदच सगळ्यात महत्त्वाचा. प्रवासात तो घाबरून पातळ शिटेल, त्यावरून डॉक्टरांचा गैरसमज होऊ शकतो. घरचा कागद असला की तो टळतो.

सवयीचं बोलू. यजमानांनी व्हिडिओ पाहिला तो बहुधा मोठ्या पोपटाचा असणार. मोठे पोपट दिवसात कमी वेळा शिटतात आणि काही जण इशारा शिकतात. बजरीगराकडून तेवढी अपेक्षा ठेवणं हा त्याच्यावर अन्याय आहे. आणि मोठ्या पोपटांतही, मालकाने सांगेपर्यंत रोखून धरायला शिकलेल्या पक्ष्यांना पुढे त्याच छिद्राचे त्रास होतात, आतला भाग बाहेर येण्यापर्यंत. म्हणून रोखायला शिकवायचं नाही, हे पक्कं.

पण सोफा वाचवता येतो. मिठूकडे पाच मिनिटं नीट बघा. शिटण्याआधी तो किंचित मागे सरकतो, बूड खाली घेतो, शेपटी उचलतो, क्षणभर गप्प होतो, आणि झाल्यावर शेपटी झटकन हलवतो. मुलाला हे दाखवा, तो तुमच्याआधी ओळखायला लागेल. संध्याकाळी दार उघडायच्या आधी थोडा वेळ पिंजऱ्याजवळ बसा, एक शी पिंजऱ्यात होऊ द्या, मग बाहेर काढा. पुढची पंधरा-वीस मिनिटं बहुतेक कोरडी जातात. बाहेर त्याला बसायला एकच आवडीची जागा द्या, एखादी आडवी काठी किंवा दोरीचा झोका, खिडकीजवळ, जरा उंचावर, आणि खाली कागद. दाणे, खेळणं, आरसा तिथेच. पक्षी जिथे जास्त वेळ बसतो तिथे जास्त शिटतो, एवढं साधं गणित आहे. शेपटी उचलताना दिसली की हातावर घेऊन त्या काठीवर ठेवा, तिथे झाली की "शाब्बास मिठू" आणि बाजरीच्या कणसाचा एक दाणा. पडद्याच्या दांडीवर एक जुना टॉवेल टाका. मुलाने वही आवरूनच दार उघडायचं.

आणि ते ओरडणं आजपासून बंद करायला सांगा. ताई, यावर मला जरा कळकळीने बोलायचं आहे. मिठूला शी आणि शिक्षा यांचा संबंध कळत नाही. त्याला एवढंच कळतं की ज्या मुलाच्या खांद्यावर मी बसतो, तो मध्येच अंगावर येतो. मग तो खांद्यावर बसणं सोडतो, घाबरून आणखी पातळ शिटतो, आणि पिंजरा, जे त्याचं घर आहे, ती त्याला कोठडी वाटायला लागते. मुलगा वाईट नाही. मोठ्यांनी त्याला न होणारं काम दिलं आणि ते होत नाही म्हणून तो चिडलाय. त्याला होणारं काम द्या. रोजचा कागद, वजनाची वही, वाटीवरची टरफलं. फक्त पिंजरा धुणं आणि वाळलेली शी काढणं मोठ्यांनी करायचं, आणि मुलाने प्रत्येक वेळी साबणाने हात धुवायचे.

सासूबाईंबद्दल तुम्ही थोडं दुखावून लिहिलंय. सोवळं आणि दमा अशी दोन कारणं दिलीत आणि त्यातलं सोवळं तुम्हाला जास्त टोचलेलं दिसतं. पण त्यांचं म्हणणं पक्ष्याच्या बाजूने बघितलं तरी बरोबरच निघतं. पिंजरा देवघराजवळ नकोच. उदबत्ती, धूप, कापूर यांचा धूर पक्ष्याच्या फुप्फुसांना फार लवकर बाधतो. तेव्हा "आई, तुम्ही म्हणता तसा पिंजरा हलवूया" असं त्यांना मोकळेपणाने सांगा. दोघांचंही भलं होईल. स्वयंपाकघरातही नको, नॉनस्टिक तवा जास्त तापला तर त्याच्या वाफेने पक्षी मिनिटांत मरू शकतो. कूलरच्या झोतात नको, एक तर त्याला झोत सोसत नाही, आणि दुसरं म्हणजे वाळलेल्या शीची भुकटी घरभर उडते. बंद केलेली गॅलरी असेल आणि दुपारचं ऊन थेट येत नसेल तर ती उत्तम. मांजर पोचणार नाही एवढं बघा, रात्री आत घ्या.

धोका आहे का, तर आहे, पण तो आवाक्यात ठेवता येतो. खरी भीती ओल्या शीची कमी आणि वाळलेल्या शीच्या धुळीची जास्त असते. पोपटवर्गी पक्ष्यांकडून सिटॅकोसिस नावाचा फुप्फुसाचा संसर्ग माणसाला होऊ शकतो. रोज दिसणारा आजार नाही, औषधाने बराही होतो, पण घरात कुणाला ताप, डोकेदुखी, कोरडा खोकला सुरू झाला तर डॉक्टरांना "घरात पोपट आहे" हे आपणहून सांगायचं. ते कुणी विचारत नाही आणि आपण सांगत नाही. दुसरं म्हणजे, पिसांच्या आणि शीच्या धुळीची काहींच्या फुप्फुसांना हळूहळू अॅलर्जी होते. म्हणून वाळलेली शी खराट्याने झाडायची नाही, सुरीने खरवडायची नाही. आधी पाणी फवारायचं, दोन मिनिटं भिजू द्यायची, ओल्या कागदाने उचलायची, मग साबणाचं पाणी. तोंडाला मास्क. फिनेलचा वास पक्ष्याला नको, पिंजरा धुताना त्याला दुसऱ्या खोलीत ठेवा आणि पूर्ण वाळल्यावरच परत आणा. यातलं काहीही सासूबाईंनी करायचं नाही.

आणि त्यांना एक प्रश्न विचारा, खरंच उत्तर हवं म्हणून विचारा. मिठू आल्यापासून पंप जास्त लागतोय का? हो म्हणाल्या, तर छातीच्या डॉक्टरांना सगळं सांगून त्यांचं मत घ्या. डॉक्टर म्हणाले की पक्षी घरात नको, तर मग तो जाऊ द्यावा असं माझंही मत आहे. मुलाला वाईट वाटेल, पण आजीचा श्वास आधी. मुलाला तसंच सांगा, शीमुळे मिठू गेला असं मात्र त्याला वाटू देऊ नका.

पण जाऊ द्यायचा म्हणजे झाडावर सोडायचा नाही. सासूबाईंची भावना चांगली आहे, परिणाम वाईट होईल. पिंजऱ्यात जन्मलेल्या बजरीगराला बाहेर दाणा कुठे शोधायचा ते ठाऊक नसतं. कावळे, मांजरं आणि शिक्रा यांच्यापुढे तो बहुतेक दोन दिवसही टिकणार नाही, आणि इंदूरच्या एप्रिल-मे महिन्यांच्या उन्हात पाण्यावाचून त्याआधीच संपेल. त्यात कसलं पुण्य! द्यायचाच तर ज्यांच्याकडे आधीच बजरीगर आहेत अशा घरी द्या. थव्याचा पक्षी आहे, सोबत मिळाली तर खूश राहील. त्याचा पिंजरा, त्याचं खाणं आणि वजनाची वही सोबत द्या.

डॉक्टरांनी हरकत घेतली नाही, तर महिनाभर थांबा असं मी सुचवेन. पिंजरा हलवलेला, पोहे-बीट बंद, पांढरा कागद, काठीखालचा कागद, ओरडणं बंद. तुमच्या तक्रारीतला किती भाग शीचा होता आणि किती घरातल्या ताणाचा, ते या महिन्यात आपोआप दिसेल. एरवी पत्रात तुम्ही मिठूबद्दल जे लिहिलंय, कुकरची शिट्टी ऐकून तो उत्तर देतो, दुपारी तुम्ही आडव्या झालात की पिंजऱ्याच्या त्याच बाजूला येऊन बसतो, ते वाचून मला नाही वाटत तुम्हाला तो नकोसा झालाय.

शेवटी तळटीपेत तुम्ही विचारलंत की ही शी तुळशीच्या कुंडीत घातली तर चालेल का. तुळशीत नको, कोथिंबीर-पुदिन्याच्या कुंडीतही नको. ताजी शी तीव्र असते, मुळं जाळते, आणि जी पानं आपण तोंडात घालतो तिथे ती नकोच. घरी कंपोस्टचा ड्रम असेल तर ओला केलेला कागद शीसकट त्यात तळाशी घाला, वर माती आणि वाळका पाला टाका, काही महिने पूर्ण कुजू द्या, आणि मग ते खत गुलाब-मोगऱ्याला घाला. ड्रम नसेल तर कागद ओला करून घट्ट गुंडाळा, पिशवीत बांधा, आणि सकाळच्या कचरागाडीवाल्याला आत काय आहे ते सांगून द्या. कुठल्या डब्यात टाकायचं ते तोच दाखवेल.